बाबूजींचा शेवटचा सीन

अंबरीशची लिहायची रीत जगावेगळी. खोलीचं दार लोटायचं, संवाद आधी मोठ्याने मराठीत बोलायचे आणि मग हिंदीत उतरवायचे. सिनेमा लिहायला मुंबईला गेलेला हा गडी हात हलवत भोपाळला परतला होता. त्याला तारलं ते या हिंदी मालिकेने. तिच्यातले बाबूजी मात्र पक्के आमच्या भोपाळच्या सोनागिरी वसाहतीतले. बोलणं, खाकरणं, रुसणं, सगळं अंबरीशच्या वडिलांचं. गजाननराव कारखान्यातून फोरमन म्हणून निवृत्त झाले आणि त्याच थंडीत गेले. लेखकाला कच्चा माल घरातच मिळाला, दुसरं काय.

पेंगुळलेल्या दुपारी मुंबईहून निखिलचा फोन आला. वाहिनीचा माणूस, केसाने गळा कापणारा.

"सर, बाबूजीवाले अ‍ॅक्टर ने दूसरा शो पकड़ लिया है. उन्हें मार दीजिए. सीन शाम तक चाहिए."

अंबरीश पाणी प्यायला बाहेर आला, तर दाराशेजारी भिंतीला खुर्ची लावून आई बसलेली. मांडीवर मेथीची जुडी, डोळे मिटलेले, ऊन पायांवर उतरलेलं.

"इथे का बसलीस?"

"रोजच बसते," डोळे न उघडता विजयाबाई म्हणाल्या. "आज काय बोलणार आहेत हे?"

अंबरीशला आत्ता उमगलं. दाराआड आपण पात्र लिहितो आहोत असं तो समजत होता आणि इकडे आई संसार करत होती. त्याने चाचरत फोनचं सांगितलं.

"मी नाही म्हणून कळवतो, आई. लिहू दे दुसऱ्या कोणाला."

"दुसऱ्याला यांचं बोलणं कुठून येणार?" त्यांनी मेथीची काडी मोडली. "त्या दिवशी मी यांचे कपडे पिशवीत भरत होते, तोवर अ‍ॅम्ब्युलन्स निघूनसुद्धा गेली. जन्मभर 'येतो' म्हटल्याशिवाय उंबरा ओलांडला नाही या माणसाने. तेवढं राहिलं. ते लिही."

"हिंदीत ते नाही गं बसणार."

"ना का बसेना. मला मराठीत ऐकू दे."

तो आत गेला, दार लोटलं. पडद्यातून गाळलेल्या पिवळ्या उजेडात खोली तरंगत असल्यासारखी वाटत होती. वडील खरंच टेबलाशी उभे आहेत आणि बूट शोधताहेत, असं त्याला क्षणभर वाटलं. आणि त्याला रडू आलं. सीन लिहायचा म्हणजे यांना पुन्हा घालवायचं, आणि या वेळी आपल्या हाताने. मग तो खाकरला, आणि ते खाकरणं त्याचं नव्हतं.

"विजू, आवरलं माझं. येतो गं मी."

अंबरीशने भिंतीला कान लावला.

"सावकाश या," पलीकडून आई म्हणाली. "घराचं मी बघते."