विधुरांची रेष

बायकोचं, यशोदेचं, वर्षश्राद्ध झालं आणि पुढच्याच रविवारी वेणीमाधवची थोरली बहीण, अक्का, विवाह मंडळातल्या श्रावणीला घेऊन घरी आली. उगाच घाई केली असं कुणी म्हणू नये. अक्काने चांगला वर्षभर दम काढला होता. खाली गाडी थांबली होती. वैरागला एक विधवा शिक्षिका बघायला जायचं होतं. ज्याच्यासाठी जायचं होतं त्याला ते आत्ता कळत होतं.

"काका, हा आमच्याकडे नाव नोंदवलेल्या विधुरांचा आलेख," श्रावणीने टॅब पुढे केला. "बायको गेल्यापासून कितव्या महिन्यापर्यंत किती जणांचं लग्न झालं, ते ही रेष सांगते."

रेष डावीकडून निघाली होती ती जिना चढावा तशी वर गेली होती. वेणीमाधव चिंचोळी एमआयडीसीत गोदाम सांभाळायचा. माल किती दिवसांत हलतो हे बघण्यात त्याची उमर गेली होती.

"तीन महिन्यांवर वीस?"

"म्हणजे तीन महिन्यांच्या आत शंभरातल्या विसांचं झालं."

"अरे वा! तेराव्याचे लाडू आणि लग्नाचे लाडू एकाच आचाऱ्याला सांगितले म्हणायचे. दरात सूट मिळाली असेल."

अक्काने त्याच्याकडे दुर्लक्ष करून दोन वर्षांच्या आकड्यावर बोट ठेवलं. "हे बघ, नव्वद! आणि पुढं रेष आडवी झालीय. म्हणजे दोन वर्षं उलटली की कुत्रंसुद्धा विचारत नाही. तुझं एक संपलं. ऊठ, शर्ट बदल."

"तसं नाही अक्का," श्रावणी म्हणाली. "आडवी म्हणजे त्यानंतर नवीन लग्नं फारशी झाली नाहीत. नव्वदांचं आधीच उरकलेलं की. उरलेल्या दहांना कुणी मिळालं नाही, का त्यांनाच नको होतं, ते रेषेला कळत नाही."

"मला त्या दहात घाला," वेणीमाधव म्हणाला.

"त्या दहात कोण असतात माहितीय? येडे आणि आजारी!"

"दोन्हींत बसतो मी."

अक्काने कपाळाला हात लावला. वेणीमाधवचं लक्ष आता तळाशी गेलं होतं. तिथे आणखी एक रेष होती, जमिनीला धरून सरपटणारी.

"ही कुणाची?"

"विधवांची." श्रावणीचा आवाज उतरला. "पाच वर्षांपर्यंत अकरा."

"यांना घाई नाही वाटतं? यांच्या म्हातारपणी यांना चहा कोण देणार, ही काळजी कुणालाच नाही?"

अक्का म्हणाली, "आमचे हे गेले तेव्हा मी चौतीसची होते."

"म्हणजे तू एकोणनव्वदांतली."

"एकोणनव्वदांतलीसुद्धा नाही रे. त्यांची नावं कुणीतरी नोंदवली तरी होती की."

वेणीमाधवने टॅब श्रावणीकडे सरकवला.

तो म्हणाला, "वैरागला नाही म्हणून कळवून टाक."

"मी नाही कळवणार. ती बाई सकाळपासून नीट साडी नेसून बसली असेल. नकार द्यायचाय ना, मग स्वतःच्या तोंडानं दे."

श्रावणीकडून नंबर घेऊन त्याने फोन लावला, नाव सांगितलं.

"मी येत नाही. तुमच्यात काही कमी आहे म्हणून नाही. माझी बायको गेलीय."

"म्हणूनच तर तुम्ही येणार होतात," पलीकडून बाई म्हणाल्या.

अक्का आणि श्रावणी दोघी त्याच्याकडे बघत होत्या. त्याने पाठ फिरवली.

"बरोबर आहे तुमचं," तो म्हणाला. "पण तिच्याशी माझं भांडण अजून चालू आहे. न सांगता गेली ती. आणि इथं वर्ष होताच मंडळाचा आलेख आलाय."



"चालू द्या," बाई म्हणाल्या. "माझं सहा वर्षं चाललं. मध्ये कुणी आलेख घेऊन आलं नाही, म्हणून पुरं तरी झालं."