आत जाणारी पावलं

थांबा. मला उचलण्याआधी हात पुसलेत का? आणि कडेला धरा, मधे बोट नको.

मित्रांनो, मी एक जुनी रंगीत काच आहे, तुमच्या तळहाताएवढी. रागावू नका, पण कोणी जवळ आलं की मला आधी संशय येतो. माझं आयुष्यच तसं गेलं.

माझा जन्म विलायतेतल्या एका कारखान्यात झाला. एका बाईनं बारीक कुंचल्यानं माझ्यावर एक गुहा काढली. गुहेच्या तोंडाशी आजारी सिंह, बाहेर एक सावध कोल्हा, आणि मातीत पावलं. शेळीची, सशाची, हरणाची. सगळी आत जाणारी. मग गवतात गुंडाळून मला बोटीत घातलं, बोटीतून आगगाडीत, आणि मी नवापूरच्या डोंगरातल्या एका पाड्यावर, दावीद मास्तरांच्या शाळेत उतरले. माझ्यासोबत पत्र्याचा एक कंदील होता. आत दिवा, पुढं भिंग. त्यात मला उलटं घातलं की समोरच्या भिंतीवर मी सुलटी दिसे, आणि बैलाएवढी मोठी.

मास्तर त्याच डोंगरातले. पाड्यावरचे लोक आपल्या बोलीत बोलत, ते मी तुम्हाला समजेल असं सांगते.

पहिल्याच संध्याकाळी मी भिंतीवर पडले आणि म्हातारी गंगीबाई उठून उभी राहिली.

"दिवा विझव, मास्तर! हा तर मोठा आहे."

डोंगरात वाघाचं नाव घेत नाहीत. 'मोठा' म्हणतात, आणि त्याला देव मानतात.

"आजी, हा वाघ नाही. सिंह आहे. आजारी पडलाय, म्हणून जनावरं त्याला बघायला आत जातात."

"केस वाढवलेत म्हणून काय झालं? मी ओळखत नाही का त्याला! आणि आजारी म्हणतोस? त्यानं ऐकलं म्हणजे?"

गंगीबाईची सून सोमीबाई दाराशी बसली होती. तिनं मांडीवरच्या बाळाच्या डोळ्यांवर पदर ओढला आणि माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी तिचं लेकरू उचलून नेणार होते.

मग मास्तरांनी समजावलं, "ही गोष्ट फार जुनी आहे. ग्रीस देशात एक गुलाम होता म्हणे. मालकासमोर त्याला तोंड उघडायची सोय नव्हती, म्हणून तो कोल्ह्याला बोलायला लावायचा. पुढं रोममध्ये दुसऱ्या एकानं, तोही आधी गुलामच, असल्या गोष्टी लॅटिन भाषेत पद्यात बसवल्या. तर तिथल्या एका बड्या माणसाला संशय आला, यातलं वाईट जनावर म्हणजे मीच की काय! त्यानं बिचाऱ्याला फार छळलं."

"मग जनावरांच्या आड लपून काय मिळालं त्याला?" सोमीबाईनं विचारलं.

"बडा माणूस मेला, सोमी. गोष्टी राहिल्या."

पण त्याच आठवड्यात वाघानं आमश्याचं वासरू नेलं. आमश्या म्हणजे सोमीबाईचा नवरा. तो हातात धोंडा घेऊनच शाळेत आला. "कुठं आहे ती काच?"

गंगीबाईनंच त्याला अडवलं. "फोडू नको. फोडलीस तर आतला बाहेर येईल."

मला वाघदेवासमोर नेलं. मास्तर ख्रिस्ती, ते जरा लांब उभे राहिले. म्हातारीनं नारळ फोडला, सगळ्यांच्या वतीनं माफी मागितली आणि निकाल दिला, "दाखवायचीच असेल तर दाखव. पण आजारी म्हणू नको. झोपलाय म्हण."

मास्तरांनी मान डोलावली, पण मला पुन्हा कंदिलात घातलं नाही. ज्वारीच्या कणगीमागं फडक्यात बांधून ठेवलं. उंदीर फडकं कुरतडायचे. मला वाटे, आता कोणी हात लावला तर तो फोडण्यासाठीच.

होळी झाली आणि सुकलाल मुकादम सपाटीवरून आला. दरवर्षी यायचा. मिठागरावर कामाला माणसं न्यायचा. आदल्या वर्षी सोमीबाईचा भाऊ जेठ्या गेला होता. तो आला नव्हता, त्याचा निरोपही नव्हता. त्याच्याबरोबर गेलेल्यांपैकी कोणीच परतलं नव्हतं.

शाळेसमोर मुकादमानं गूळ वाटला, नवी धोतरं वाटली. एक आमश्यानं खांद्यावर टाकलं. सकाळच्या गाडीनं निघायचं ठरलं.

"मन्हा भरवसा नई का तुमले?" मुकादम हसून सपाटीच्या बोलीत म्हणाला. "पाणी पडाना पहिले सगळास्ले परत लई येसू." पावसाआधी परत आणायचं वचन त्यानं आदल्या वर्षीही दिलं होतं.

शाळेची जागा मुकादमाच्या ओळखीच्या जमीनदाराची होती. मास्तर एक शब्द बोलले असते तर शाळा उठली असती. सोमीबाई नवऱ्याला जाऊ नको म्हणाली, तर तो सगळ्यांसमोर तिच्यावरच खेकसला.

तिनं मातीतल्या पावलांकडं बघितलं. मग म्हणाली, "मास्तर, पाहुणे आलेत. तो झोपलेला मोठा दाखवा ना."

मास्तरांनी तिच्याकडं पाहिलं. मग उठून मला आणलं, पुसलं आणि कंदिलात उलटं घातलं.

"ही पावलं कोणाची, मास्तर?" सोमीबाईनं पोरीसारखं विचारलं.

"शेळीची."

"आणि ही?"

"सशाची. ती हरणाची."

"बाहेर येणारी कुठं आहेत?"

गूळ चघळणारी तोंडं थांबली.

मुकादम मोठ्यानं हसला. "अवो बाई, चितारीनी भूल व्हयनी ती! परतना पाय काढाना ऱ्ही ग्यात."

"असेल, दादा," सोमीबाई म्हणाली. "मग आपल्या टेसणाच्या वाटेवर परतीचे पाय काढायला कोण विसरलं?"

आमश्यानं भिंतीकडं पाहिलं, बायकोकडं पाहिलं. खांद्यावरचं धोतर काढलं, नीट घडी केली आणि मुकादमापुढं ठेवलं. मग दुसऱ्यानं ठेवलं. मग तिसऱ्यानं.

मुकादमाला आता संशय आला, आणि तो माझाच. तो तरातरा उठला आणि त्यानं मला कंदिलातून ओढून काढलं. दिव्यापुढं बसून मी तापले होते. त्याची बोटं अशी पोळली की त्यानं मला टाकूनच दिलं. गुळाच्या पोत्यावर पडले म्हणून वाचले. एक तडा मात्र गेला.

"मोठ्याला हात लावशील?" गंगीबाई मागून म्हणाली आणि कितीतरी वेळ हसत राहिली.

जमीनदारानं शाळा उठवलीच. मास्तर आंब्याखाली शिकवू लागले. कंदील गंजला. मला सोमीबाईनं मागून घेतलं आणि स्वतःच्या घरी धान्याच्या कोठीवर ठेवलं. जिनं माझ्यापासून बाळाचे डोळे झाकले होते, तीच आता त्याला मांडीवर घेऊन मला उजेडात धरते.

माझा तडा गुहेच्या तोंडापासून निघतो आणि थेट कडेपर्यंत येतो. बाळानं एकदा त्यावर बोट ठेवलं. "आई, हे काय?"

"वाट आहे. बाहेर यायची," ती म्हणाली. "जेठ्यामामासाठी."

जेठ्या अजून आलेला नाही.

म्हणून सांगते, मित्रांनो, मला जपून धरा. तडा वाढला तर माझे दोन तुकडे होतील. आणि कोणी गूळ देऊन कुठं बोलावलं, तर आधी वाट बघून घ्या, परतीची पावलं आहेत का. मला तुम्हीही दिव्यापुढं नेणार असाल तर न्या. पण आधी सांगा, परत आणून ठेवाल ना?