मुठीखालचा गंज

"हे काय आहे?"

बाथरूममध्ये धरायचा दांडा कुठं बसवायचा ते बघायला कौन्सिलची मुलगी आली होती. ती बाथरूम सोडून हॉलच्या भिंतीकडे बघत होती.

"सोर्ड," हे खुर्चीतून म्हणाले. "जॅपनीज. माय फादर. बर्मा." स्ट्रोक आल्यापासून ह्यांची इंग्रजी वाक्यं अशी तुकड्यातुकड्यांनी बाहेर पडत. उजवा हात मात्र परत आला होता, त्याचंच ह्यांना कौतुक. "शशे, काढून दाखव की तिला."

मी स्टुलावर चढून तलवार काढली आणि म्यानातून वीतभर ओढली. खिडकीतलं ऊन पात्यावर पडलं आणि मुलीच्या तोंडावर कवडसा नाचला. ती दोन पावलं मागे सरली, "लव्हली" म्हणाली आणि चहा नको म्हणाली. इतकी वर्षं कॉव्हेंट्रीत काढल्यावर मला एवढं कळतं, की इंग्रज बाई चहा नको म्हणाली की काहीतरी बिनसलेलं असतं.

तिसऱ्या दिवशी पोलीस दारात. पोरगेलीशी कॉन्स्टेबल, बोलायला लोण्यासारखी मऊ. आता म्हणे अशी वाकडी, लांब पात्याची तलवार घरातसुद्धा ठेवता येत नाही. जुनी असेल, जुन्या पद्धतीनं हातानं घडवलेली असेल, तर गोष्ट वेगळी. तसं एखाद्या जाणकाराकडून लिहून आणा, महिनाअखेरपर्यंत थांबते.

"आणि नाही आणलं तर?" मी विचारलं.

"देन आय अ‍ॅम अफ्रेड इट्स डिस्ट्रॉइड."

हे हसले. जुनी नाही म्हणे! जगात कुणाची नसेल एवढी जुनी होती ह्यांच्या लेखी.

मामंजी, म्हणजे माझे सासरे सुभेदार शिर्के, ब्रह्मदेशाच्या लढाईत होते. जपान्यांनी शरणागती पत्करली तेव्हा एका अधिकाऱ्यानं ही तलवार दोन्ही हातांवर आडवी धरून त्यांच्यापुढे केली. तो रडत नव्हता, पण त्याची मान तलवारीपेक्षा जास्त वाकली होती, असं मामंजी सांगायचे. हे विलायतेला निघाले तेव्हा त्यांनी ती गोधडीत गुंडाळून ट्रंकेच्या तळाशी घातली. त्या काळी कोण उघडून बघतंय! देताना एवढंच म्हणाले, "पुरुषोत्तम, हिला गंज चढू देऊ नकोस."

आमचे हे वडिलांचा शब्द खाली पडू न देणारे. त्यात नोकरी लागली ती मोटारींच्या कारखान्यात, बंपर पॉलिश करायच्या खात्यात. आधीच मर्कट, त्यात मद्य प्यालेला. दिवसभर फिरत्या चाकावर बंपर धरायचा, त्यात आपलं तोंड दिसेपर्यंत. घरी आले की चमचेसुद्धा उलटसुलट करून बघायचे. माझ्या स्टीलच्या डब्यांना ह्यांचा हात जेवढा लागला तेवढा मला लागला नसेल.

इथल्या पहिल्याच खंडेनवमीला ह्यांनी तलवारीची मूठ उतरवली. बांबूची एक खुंटी असते, ती ठोकली की मूठ निघते. आतला लोखंडाचा भाग बघतात तो काळाकुट्ट. हे हादरलेच. "बघ शशे, वरून नवरी आणि आतून..." पुढचा शब्द मी इथं लिहीत नाही. चिंच झाली, राख झाली, गंज काही हटेना. मग शनिवारी ओव्हरटाइमला ती कारखान्यात नेली, चाकावर धरली आणि पुढूनमागून आरशासारखी लखलखीत करून आणली. "आतल्या बाजूला कुणी जपान्यानं खिळ्यानं रेघोट्या ओढल्या होत्या," म्हणाले. "त्यासुद्धा गेल्या."

तेव्हापासून दर खंडेनवमीला हेच. आतून-बाहेरून पॉलिश, मग हळदकुंकू, मग झेंडूचं फूल. आणि एरवी कुणी शिवायचं नाही. बोटाचा घाम लागला की लोखंड गंज धरतं. आमचा मुलगा सुयश आठ वर्षांचा असताना वाढदिवसाला आलेल्या मित्रांना दाखवायला त्यानं पात्यावर बोट फिरवलं. ह्यांनी सगळ्या पोरांदेखत त्याच्या अशी मुस्काटात दिली की केकवरच्या मेणबत्त्या फुंकायच्या राहूनच गेल्या. त्यानंतर सुयशनं घरी मित्र आणले नाहीत. पुढे कॉलेजच्या निमित्तानं गेला तो तिकडे लंडनजवळ क्रॉयडनलाच राहिला.

पण जाणकार शोधून काढला तो त्यानंच. नॉटिंगहॅमजवळच्या एका खेड्यात हॅलम म्हणून गृहस्थ होते, जपानात राहून तलवारींची विद्या शिकून आलेले. जायच्या आदल्या दिवशी मी नको नको म्हणत असताना ह्यांनी तलवार पुन्हा एकदा पॉलिश केली. आतल्या भागासकट. अर्ध्या तासात घामाघूम झाले, पण चेहरा असा, की जणू उद्या लेकीला बघायला पाहुणे येणार आहेत. सकाळी सूट घातला आणि सुयशकडून टाय बांधून घेतला.

हॅलमसाहेबांनी आम्हाला बूट काढायला लावले. खोलीत एक लांब टेबल, त्यावर पांढरं कापड. तलवार हातात घेण्याआधी त्यांनी तिला वाकून नमस्कार केला. ह्यांनी माझ्याकडे असं बघितलं, की बघ, ह्याला म्हणतात कदर. साहेबांनी पातं दिव्याखाली तिरकं धरलं, सरळ धरलं, पुन्हा तिरकं धरलं. मग खुंटी ठोकून मूठ उतरवली आणि आतला भाग बघून ते एकदम थांबले.

"हे कुणी केलं?"

"मी!" हे म्हणाले. छातीवर हात ठेवला. "ऑल माय लाइफ. पॉलिशिंग शॉप. बंपर." इंग्रजीत एवढं एका दमात स्ट्रोकनंतर पहिल्यांदाच. "यू कॅन सी युवर फेस."

हॅलमसाहेबांनी त्यात खरोखरच आपला चेहरा बघितला. "बंपर म्हणून काम उत्तम आहे, मिस्टर शिर्के."

"थँक यू," हे म्हणाले.

सुयश आपल्या मोज्यांकडे बघायला लागला. मला त्या क्षणी तलवार उचलून पळून जावंसं वाटलं.

साहेबांनी कपाटातून दुसरी तलवार आणली आणि मूठ काढून आमच्या तलवारीशेजारी ठेवली. तिचा आतला भाग काळा होता, जुन्या तव्यासारखा. त्या काळ्यात उभी अक्षरं कोरलेली होती.

"ही माझी, गेल्या शतकाच्या सुरुवातीची आहे," ते म्हणाले. मास्तर मठ्ठ मुलाला समजावतात तसे सावकाश बोलत होते. "जपानात कमरेला तलवार लावून फिरायला बंदी येऊन तेव्हा एक पिढी उलटली होती. ज्यांच्या आजोबांनी सरदारांच्या तलवारी घडवल्या, ते लोहार विळे आणि कात्र्या करून पोट भरत होते. त्यातले थोडे हट्टानं टिकले. वर्षभर विळे करायचे आणि कधी कुणी मागितलीच तर पोलाद दुमडून दुमडून एक तलवार घडवायची. मग मुठीच्या आत, जिथं कुणी बघणार नाही तिथं, छिन्नीनं आपलं नाव कोरायचं. आणि तिथला गंज कुणीही काढत नाही. लोहार नाही, पॉलिशवाला नाही, मालक नाही. तो किती काळा आहे, त्यावरून वय कळतं. नावावरून माणूस कळतो."

ह्यांची नजर या तलवारीवरून त्या तलवारीवर जात होती.

"पण ही हँडमेड आहे एवढं तर लिहू शकता?" सुयशनं इंग्रजीत विचारलं.

"आकारावरून मला एका लोहाराची शंका येते. त्याच्या हातच्या फार थोड्या उरल्यात. पण चाकानं पात्यावरची पोलादाची नक्षी खाल्ली, गंज खाल्ला, नाव खाल्लं. आज ही तलवार गेल्या वर्षी केलेल्या नकलेसारखी दिसते. नुसत्या शंकेवर मी सही करत नाही."

"हू?" हे म्हणाले. "व्हॉट नेम?"

"ते त्यानं इथं लिहून ठेवलं होतं, मिस्टर शिर्के."

हे पुढे वाकले. दुसऱ्या तलवारीच्या काळ्या अक्षरांकडे ह्यांचं बोट गेलं.

"प्लीज डोंट टच," हॅलमसाहेब म्हणाले.

परत येताना गाडी चालवता चालवता सुयश हसायला लागला. आधी नाकातून, मग मोठ्यानं.

"बाबा, माझा एक फिंगरप्रिंट. वन! त्याच्यासाठी तुम्ही मला मारला. इन फ्रंट ऑफ एव्हरीवन. आणि तुम्ही काय केला? होल माणूस वाइप केला!"

"सुयश, गप्प बस," मी म्हटलं.

"नाही आई, इट्स फनी. तू सांग ना, फनी नाही? एव्हरी सिंगल इयर, विथ फुलं!"

मला त्या पोराचा असा राग आला की चालती गाडी थांबवून खाली उतरावं. ह्यांची मान ताठ, नजर समोरच्या काचेवर. आणि वाईट हे, की पोराचं एकही अक्षर खोटं नव्हतं.

"हसू दे त्याला," थोड्या वेळानं हे म्हणाले. "राहिलंय त्याचं."

महिनाअखेरीला ती कॉन्स्टेबल आली. ह्यांनी सकाळपासून तलवार मांडीवर घेतली होती, गोधडीसकट. ती दारात दिसल्यावर म्यान बाजूला केलं आणि उजव्या हाताची बोटं पात्याच्या बोथट पाठीजवळून हळूहळू फिरवली. या अंगानं, मग त्या अंगानं. आरशावर बोटांचे ढगाळ पट्टे उमटले.

"अहो, घाम लागतोय," माझ्या तोंडून सवयीनं निघून गेलं.

"लागू दे."

मग मूठ उतरवली आणि आतला भागही तसाच कुरवाळला. तिथं चाचपत राहिले, आंधळा माणूस चाचपतो तसे. पण एवढ्या वर्षांच्या चाकानंतर तिथं काय राहणार! बोट नुसतं घसरत होतं. कॉन्स्टेबल बिचारी टोपी हातात घेऊन उभी राहिली.

"व्हॉट यू डू? विथ इट?" ह्यांनी विचारलं.

"कापतात, सर. मग वितळवतात."

ह्यांनी मान डोलावली. मूठ पुन्हा बसवली, खुंटी ठोकली, तलवार दोन्ही हातांवर आडवी घेतली आणि तिच्यापुढे केली. मला मामंजींचा तो जपानी अधिकारी आठवला. पोरीला काय ठाऊक असणार? तिनं ती एका लांब प्लास्टिकच्या नळकांड्यात घातली, झाकण फिरवलं आणि गोधडी घडी करून मला परत दिली.

सुयशला फोन केला तर म्हणाला, "फाइन. आता तिथं फॅमिली फोटो लाव." ऋजुतानं, सूनबाईनं, दुसऱ्याच दिवशी फ्रेम पाठवून दिली. ती अजून खोक्यातच आहे.

ऑक्टोबरात खंडेनवमी आली. करावी की नाही, असं मनात आलं. पण एकदाही चुकवलेली नाही, मग आताच का? मी पाटावर विळी मांडली, सुरी मांडली, कात्री मांडली. भिंतीवर तलवारीचे दोन खिळे तसेच होते. हे खुर्चीत, पायावर तीच गोधडी.

विळीचं पातं लाकडात शिरतं तिथं तांबूस गंज धरला होता. मी चिंचेचा गोळा घेऊन घासायला बसले.

"तिथला नको," हे म्हणाले.

"अहो, पूजेला घ्यायची आहे."

"असू दे. तसाच असू दे तिथला."

मी चिंच बाजूला ठेवली. विळीला हळदकुंकू लावलं, सुरीला लावलं, कात्रीला लावलं. मग वाटलं, या घरासाठी जन्मभर राबलेलं खरं हत्यार तर राहूनच गेलं. ओल्या कुंकवाचं बोट तसंच धरून मी खुर्चीपाशी गेले आणि ह्यांचा उजवा हात मागितला.

ह्यांनी तो ओढून घेतला आणि गोधडीखाली घातला.

"ह्याला नको," म्हणाले. "ह्यानंच पुसलं."

कुंकू माझ्या बोटावरच वाळून गेलं.