बिनसहीचं पान

मंगळवारी सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी म्हाताऱ्या नेव्हिगेटरांनी आपली हकिकत बदलली. टेप चालू होती.

"दिशा वैमानिकाने सोडली नाही," ते म्हणाले. "मीच चुकीची दिली. वारा बदलल्याचं कळवलं होतं, मी ते गणितात धरलंच नाही. त्याने दोनदा विचारलं, नक्की का? दोन्ही वेळा मी नक्की म्हटलं."

समोर बसलेल्या मीटरवाल्यांनी टेप फिरतेय ना, ते वाकून पाहिलं. घरोघर जाऊन विजेचे मीटर वाचण्यात त्यांची तीस वर्षं गेली होती, आणि निवृत्तीनंतर त्यांनी युद्धातल्या विमानदळाच्या हकिकती गोळा करण्याचं खूळ घेतलं होतं. हे विमान तर त्यांना तोंडपाठ. हल्ला करून परतताना धुक्यात टेकडीवर आदळलं. पाचातले चार गेले, दिशा काढून देणारे हे नेव्हिगेटर तेवढे मोडक्या पायानिशी वाचले. वैमानिकाने मनानेच दिशा बदलली, असं त्यांनी चौकशीत सांगितलं. ठपका मेलेल्या माणसावर आला. तो काय बोलणार?

सात वर्षांपूर्वी मीटरवाल्यांनी पुस्तिका छापली, तीत तेच वाक्य गेलं. सही घेऊन गेलं. बंद घराच्या नावापुढे 'अंदाजे' म्हणून आकडा लिहिणं त्यांच्या नोकरीभर जिवावर यायचं. म्हणून इथे नियमच केला होता: टाइप केलेल्या प्रत्येक पानावर सांगणाऱ्याची सही, आणि बिनसहीचं पान उंबऱ्याबाहेर जाणार नाही.

बुधवारी ते नवं पान घेऊन गेले. नेव्हिगेटरांनी ते दोनदा वाचलं आणि पेनाला टोपण लावलं.

"मी गेल्यावर बघू."

"साहेब, वैमानिकाची बहीण हयात आहे. शुक्रवारी तिच्या हृदयाचं ऑपरेशन आहे. डॉक्टर धड काही सांगत नाहीत."

"नातू तुमची पुस्तिका शाळेत नेऊन दाखवतो हो," नेव्हिगेटर म्हणाले. "माझा फोटो आहे ना तीत." आणि भिंतीकडे तोंड करून बसले.

घरी बायको मटार सोलत होती. तिने सगळं ऐकून घेतलं.

"सही होती ते निघालं खोटं. खरं आहे त्याला सही नाही. बसा आता नियम कवटाळून!"

"मग काय टेप ऐकवू तिला? शब्द दिलाय मी त्यांना."

"त्यांचं पान त्यांना लखलाभ. पुस्तिकेवर नाव कुणाचं आहे?"

मीटरवाल्यांनी उठून कपाटातली पुस्तिकेची एक प्रत पिशवीत टाकली.

गुरुवारी दुपारी ते हॉस्पिटलात पोचले, तेव्हा वैमानिकाची बहीण दोन उशांना टेकून बसली होती. चाळीस वर्षं शाळेत शिकवलं होतं, त्यामुळे नर्ससुद्धा तिला बाईच म्हणत.

"या, मीटरवाले. माझे किती युनिट उरलेत, बघायला आलात?"

"बाई, असं बोलू नये."

"मग चेहरा का असा? बसा."

त्यांनी पुस्तिका काढली, चौदावं पान उघडलं आणि 'वैमानिकाने मनानेच दिशा बदलली' या वाक्यावर काट मारली. बाजूच्या कोऱ्या जागेत लिहिलं: 'हे चुकीचं आहे. मी पुरेशी खात्री करून घेतली नव्हती.' खाली सही केली, तारीख घातली.

बाईंनी ओळीखाली बोट ठेवून सावकाश वाचलं.

"आई हेच ऐकत ऐकत गेली," त्या म्हणाल्या. मग, "कुणी सांगितलं?"

"ते आज सांगता येत नाही."

"पाच जण होते. चार गेले." बाईंनी चष्मा काढला. "वर्गात चोर पकडायला मला याहून कमी पुरायचं हो."

मीटरवाले पिशवीचे बंद आवळू लागले.

"कागद नको मला त्याचा," बाई म्हणाल्या. "त्याला म्हणावं, उद्या सकाळी आठपर्यंत मी शुद्धीवर आहे. माझा भाऊ शेवटचं काय बोलला, ते त्याच्याशिवाय कुणाला ठाऊक आहे?"

संध्याकाळी मीटरवाल्यांनी हा निरोप शब्द न् शब्द फोनवर सांगितला. पलीकडून फोन ठेवल्याचा आवाज आला.

शुक्रवारी सातच्या आधीच मीटरवाले बाईंच्या खोलीबाहेरच्या बाकावर येऊन बसले. सव्वासातला नर्सने त्यांना टेबलावरच्या फोनकडे बोलावलं. बायको होती.

"त्यांच्या सुनेचा फोन आला होता. सासरे पावणेसातला न सांगता टॅक्सीत बसून गेले म्हणे. आपल्याकडे आलेत का विचारत होती. तिथे आलेत?"

"नाही."

नेव्हिगेटरांच्या घरापासून हॉस्पिटलपर्यंत टॅक्सीने पाऊण तास लागतो, रस्ता मोकळा असला तर. त्यांच्या ओळखीची दुसरी कुठली जागा असेल, याचा विचार मीटरवाल्यांनी केला. टेकडीवर चार जणांच्या नावांचा दगड आहे, तोही तितकाच लांब आहे, उलट्या दिशेला.

साडेसातला स्ट्रेचर आलं. "आठ म्हणजे आठ," आतून बाईंचा आवाज आला, आणि ते आणणारा माणूस मुकाट्याने दाराशी थांबला.

सात वाजून एक्कावन्न मिनिटांनी लिफ्टचं दार उघडलं. आतून नुसतीच चहाची गाडी बाहेर आली. आठला अजून नऊ मिनिटं होती.