गॅलरीतली वरची सळई

मित्रांनो, तुम्ही मला कधी पाहिलेलं नाही. न दिसणं हाच माझा धर्म. मी एक जुनी सळई, दुसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीच्या तुळईत सारा जन्म काढलेली. ओरडून ओरडून घसा बसला, पण ऐकलं कुणी नाही.

काँक्रीट मोठं दणकट. कितीही दाबा, हूं की चूं करत नाही. पण ताणलं की तडकतं. ताण सोसायचा तो आम्ही. दोन्ही टोकांना खांब असलेल्या तुळईचं पोट ताणलं जातं, म्हणून तिथं जाड सळ्या खाली असतात. गॅलरी मात्र भिंतीला धरून बाहेर लोंबते. हात समोर ताठ धरून त्यावर दप्तर अडकवा, खांद्याच्या वरच्या अंगाला ओढ लागेल. तसंच हे. म्हणून गॅलरीत जाड सळ्या वर. चौकोनी रिंगा आम्हाला कवेत धरतात आणि तिरप्या भेगा अडवतात.

मलाही तारेनं नीट वरच बांधलं होतं. पण काँक्रीट ओतताना माणसं घमेली घेऊन माझ्या पाठीवरूनच ये-जा करू लागली. रिंगा चेपल्या, मी खाली दबले. कुणीतरी म्हणालं, की सळ्या खाली बसतायत. मुकादम म्हणाला, "आत सळई आहे ना? झालं तर मग."

झालं कसलं! चुकीच्या जागी असलेली सळई म्हणजे नुसतं वजन.

पुढं तिथं एक कुटुंब राहायला आलं. सासरे, मुलगा, सून आणि नुकती चालू लागलेली नात. भिंतीलगत भेग पडली. ती माझी हाक होती. मुलानं पुट्टी भरून माझं तोंड बंद केलं. भेग परत आली, पुट्टीही परत आली, वर रंगसुद्धा. चिडून उपयोग काय? मला तर चिडून हलताही येत नव्हतं.

मग सासऱ्यांनी गॅलरीत पाण्याची मोठी टाकी बसवायचं ठरवलं. माझा जीव टांगणीला लागला. कारण टाकीची जागा नेमकी नातीच्या खेळायच्या जागेशेजारी होती.

टाकी यायची होती त्या सकाळी नातीनं गॅलरीच्या फरशीवर गोटी ठेवली. गोटी आपणहून कठड्याकडे घरंगळत निघाली. सुनेनं उचलून पुन्हा ठेवली. पुन्हा तेच. पूर्वी ती जागची हलत नसे. सुनेनं मुलीला कडेवर घेतलं, गॅलरीचं दार लावलं आणि सांगितलं, की कुणा जाणत्याला दाखवल्याशिवाय टाकी वर येणार नाही.

"आता गोटीवरून घर पारखणार का, सूनबाई?" सासरे म्हणाले.

"हो, बाबा. गोटीला कुणाची मर्जी राखायची नसते."

इंजिनिअर आले. त्यांनी भेग पाहिली आणि आधी खालून टेकू लावायला सांगितले. मग गॅलरी फोडली. मला कापून काढलं आणि कोपऱ्यात टाकलं. तिथून मी नव्या सळ्यांची बांधणी पाहत होते. काँक्रीट आलं. एकानं घमेलं घेऊन थेट त्यांच्यावर ठेवायला पाय उचलला. पुन्हा तेच!

"दादा, आधी फळी," दारातून सून म्हणाली. "मग पाय."

फळी जवळ नव्हती. तो माणूस वैतागला, घाई आहे म्हणाला. तेवढ्यात सासरे आत गेले आणि स्वतःच्या पलंगाची फळी उपसून घेऊन आले. त्यांनी ती आडवी टाकली.

मित्रांनो, मी आता भंगारात चालले. जाता जाता एवढंच सांगते. भेग दिसली, तर तिला रंग फासू नका. आत कुणीतरी कधीपासून हाका मारत असेल.