शेष महिन्यातली सुटका

दिवसगणना कचेरीत एकवीस वर्षं काढलेल्या गणकबाईंचं गणित कधी चुकलं नव्हतं. त्यांच्यावर जी वेळ आली, ती गणित बरोबर आल्यामुळेच आली.

तिथल्या आकाशात दोन चंद्र होते. थोरल्या चंद्रावरून तीस-तीस दिवसांचे बारा महिने मोजत. मग वर्षाच्या शेवटी धाकटा चंद्र चोवीस दिवस दिसेनासा व्हायचा, आणि तेवढ्या दिवसांचा एक अर्धवट तेरावा महिना धरत. त्याचं नाव शेष. शेषात गिरण्या बंद, कचेऱ्या बंद, माणसं घरात.

बाईंचा धाकटा भाऊ गिरणीत विणकर होता. एका शेषात मुकादमाने दमदाटी करून माग चालू ठेवले. शब्दाला शब्द वाढला आणि भावाने हातातला धोटा त्याच्या तोंडावर हाणला. मुकादमाचा एक डोळा गेला. भावाला सात वर्षं खाणीवरच्या तुरुंगात धाडलं. तुरुंगाच्या वहीत सुटकेची तारीख लिहिली गेली : शेष नऊ.

सहा वर्षं सरली आणि राज्यात नवा अधिपती आला. चोवीस दिवस गिरण्या बंद राहतात हे त्याच्या डोळ्यांत खुपलं. शेष रद्द करा, असा हुकूम सुटला, आणि काम आलं बाईंच्या टेबलावर. उत्तर सरळ होतं. चोवीस दिवस बारा महिन्यांत वाटले की प्रत्येकाला दोन. महिना बत्तीस दिवसांचा. इतकी सुबक वाटणी पाहून त्या क्षणभर खूशही झाल्या. हे त्यांना नंतर फार टोचलं.

जुनी शेष नऊ म्हणजे नव्या मोजणीत बाराव्या महिन्याची, पानझडची, सतरा तारीख. हे त्यांनी सगळ्यात आधी काढून पाहिलं होतं. जुन्या तारखांसमोर नव्या तारखा मांडणारा दोन पानांचा तक्ता त्यांनी मुद्दाम शेवटी जोडला.

मुख्य गणकांनी तीच दोन पानं काढून बाजूला ठेवली.

"हा तक्ता छापायचा नाही. लोकांच्या हातात दिला तर ते जुनंच मोजत बसतील. वरून तसं सांगितलंय."

"पण साहेब, जुन्या तारखांचे करार असतील, कुणाच्या शिक्षा असतील..."

"ज्याचं अडेल तो येईल विचारायला."

बाईंनी मान डोलावली. माझा भाऊ आत आहे, हे वाक्य ओठांपर्यंत आलं होतं. कचेरीत त्यांनी ते कधीच कुणाला सांगितलं नव्हतं, आणि त्या दिवशीही जीभ रेटली नाही. नवी दिनदर्शिका छापून निघाली. खाली रीतीप्रमाणे गणन करणाऱ्याची सही होती, बाईंची.

पानझड सतराला त्या रजा काढून तुरुंगाच्या फाटकावर गेल्या. बरोबर भावाचा धुतलेला सदरा आणि नव्या वहाणा होत्या. पहारेकऱ्याने वही उघडली.

"शेष नऊ लिहिलंय."

"म्हणजे आजच. मी गणक आहे, हे पाहा." त्यांनी आपल्या हस्ताक्षरातला तक्ता पुढे केला.

त्याने तो नीट वाचला. माणूस वाईट नव्हता. "बाई, यावर शिक्का नाही. शेष आला की मी त्याला सोडणारच. पण आता शेष येत नाही ना."

"मग तो कधी सुटायचा?"

"ते मला कसं ठाऊक असणार? कचेरीत विचारा."

त्यांनी कचेरीत विचारलं, म्हणजे स्वतःच्याच साहेबांना. साहेब अवघडले, म्हणाले, अर्ज करा, वर पाठवतो. अर्ज वर गेला तो गेलाच. बाई दर आठवड्याला विचारत, साहेब कानावर हात ठेवत. फाटकावर आणखी बायका दिसू लागल्या, कुणाचा नवरा, कुणाचा मुलगा. त्या वर्षीच्या शेषात सुटायचे असे बेचाळीस कैदी होते. आपण कोण, हे बाईंनी त्या बायकांना सांगितलं नाही.

चौथ्या महिन्यात निरोप आला की खाणीत दगड सरकला आणि भावाच्या डाव्या हाताची तीन बोटं गेली.

दुसऱ्या दिवशी दुपारी साहेब जेवायला गेले तेव्हा बाईंनी त्यांच्या खणातून शिक्का काढला, तक्त्याच्या दोन्ही पानांवर उमटवला आणि खण लोटून फाटकावर गेल्या. पहारेकऱ्याने शिक्का पाहिला, बाईंकडे पाहिलं, आणि काही न विचारता वही उघडून बेचाळीस नावं पुकारली.

भाऊ शेवटून तिसरा आला. केस पांढरे, हाताला मळकी पट्टी. बाईंनी सदरा पुढे केला, त्याने तो घेतला नाही.

"ताई, बराकीत दिनदर्शिका लावलीय. खाली तुझी सही आहे."

"हो."

"शेष काढला तो तूच?"

"हुकूम होता. गणित माझं."

"मी सुटणार नाही हे तुला आधी ठाऊक होतं?"

खोटं बोलता आलं असतं. "भीती वाटली होती," त्या म्हणाल्या. "साहेबांना सांगायला हवं होतं, सांगितलं नाही."

त्याच्या नजरेत राग नव्हता. राग असता तर बाईंना बरं वाटलं असतं. "बरं," तो म्हणाला आणि बरोबर सुटलेल्या एका गवंड्याबरोबर बंदराच्या बाजूने चालू लागला.

आठवडाभरात बाईंची नोकरी गेली. शिक्क्याचं प्रकरण साहेबांनी दाबलं, कारण तक्ता गाळल्याचंही बाहेर आलं असतं. भाऊ बंदरावर राहतो, दोर वळायचं काम करतो, असं त्यांना कळलं. त्या दोनदा गेल्या. पहिल्यांदा तो कामावर होता. दुसऱ्यांदा त्याने चहा दिला, एका हाताने, हळूहळू ओतून, आणि दोघं हवापाण्यावर बोलली. निघताना "पुन्हा ये" असं तो म्हणाला नाही, "येऊ नको" असंही नाही. बाई जिना उतरल्या. खाली दोरांच्या ओल्या वेटोळ्यांमधून वाट काढायलाच त्यांना बराच वेळ लागला.