दिल्लीचं डी.ओ.

"हे कुणालाही चालेल, खिस्तीजी," अमिता मॅडम म्हणाल्या आणि त्यांनी कागद टेबलावरून परत सरकवला. "यात मोहिते कुठे आहेत? त्यांचं नाव खोडून तुमचं घातलं, तरी पत्र तसंच राहील बाप्पा."

नाव खोडून तुमचं घातलं तरी! अहो, तेच तर हवं होतं उमाकांतला. पण मॅडमना नागपूरहून बदलून येऊन जेमतेम दोन महिने झालेले. समोर उभा असलेला हा साठीचा माणूस तीस वर्षं याच एका कागदाकडे डोळे लावून बसलाय, हे त्यांना कोण सांगणार?

"मोहितेंनी स्वतःच एक कागद दिलाय मुद्द्यांचा," मॅडम म्हणाल्या. "मला काही वाचायला झालं नाही, फाइलीत लावून ठेवलाय. तो पाहून घ्या आणि उद्या सकाळी मसुदा द्या. शुक्रवारी कार्यक्रम आहे, त्याच्या आत दिल्लीची सही यायला पाहिजे ना."

"देतो," उमाकांत म्हणाला.

आता हे पत्र म्हणजे काय, ते सांगायलाच हवं. विमा कंपनीच्या जयपूरच्या या विभागीय कार्यालयाला सगळे डी.ओ. म्हणत. गावोगाव फिरून एजंट तयार करणाऱ्या विकास अधिकाऱ्यालाही डी.ओ.च म्हणत. आणि मोठ्या साहेबाने एखाद्याला पदाने नव्हे, तर नावाने लिहिलेलं पत्र, तेही डी.ओ.च. "डी.ओ.तल्या डी.ओ.ला डी.ओ. आलंय" असं शिपाई सहज सांगून जाई आणि जुन्या माणसांचा काडीचा गोंधळ होत नसे. नवे मात्र सहा महिने डोकं धरून बसत. त्यातून जुन्या रजिस्टरांत 'वरीलप्रमाणे' म्हणायलाही हीच दोन अक्षरं. उमाकांतच्या सेवापुस्तकात शेऱ्याच्या रकान्यात पहिल्या वर्षी 'काम समाधानकारक' असं लिहिलेलं आहे, आणि त्याखाली पानभर नुसतं डी.ओ., डी.ओ., डी.ओ.

पण पत्राचा मान निराळाच. मजकूर टाइप केलेला असतो. वरचं 'प्रिय श्री अमुक' आणि खालचं 'आपका' मात्र साहेबाने स्वतःच्या पेनाने लिहायचं. मसुदा करणाऱ्याने तेवढी जागा कोरी सोडायची. ही कोरी जागा सोडण्यात उमाकांतचा हात धरणारा कुणी नव्हता. आठ मॅनेजर त्याने पाहिले, त्यांच्यासाठी हजारभर पत्रं लिहिली, हजारभर माणसांना 'प्रिय' केलं. त्याला स्वतःला आजवर जे आलं, त्या प्रत्येकावर छापील 'महोदय' होतं.

दिल्लीचे मोठे साहेब वर्षाकाठी इथून निवृत्त होणाऱ्या एकाच माणसाला असं पत्र देत. निरोपसमारंभात ते वाचून दाखवायचं, आणि मग त्या माणसाने ते चौकटीत घालून घरात लावायचं. या जानेवारीअखेर निवृत्त होणारे दोघे होते. पाच जिन्यांच्या या इमारतीत फायली सांभाळणारा उमाकांत खिस्ती, आणि जयपूरभर फटफटी उडवत फिरलेला डी.ओ. श्रीपाद मोहिते. पत्र श्रीपादला. आणि ते लिहायचं कुणी? उमाकांतने. पुन्हा शुक्रवारी ते वाचलं जाताना स्टेजवर त्याच्याच शेजारच्या खुर्चीत बसायचं. याला म्हणतात नशीब!

संध्याकाळी सी-स्कीममधून प्रताप नगरला स्कूटर आणता आणता बोटं गारठून गेली. कडुनिंबावर संक्रांतीचे फाटके पतंग अजून लोंबत होते. घरी पाऊल टाकलं तर रत्नप्रभा फोनवर खदखदून हसत होती.

"श्रीपादभावजींचा फोन होता," तिने सांगितलं. "म्हणाले, वहिनी, शुक्रवारी उमाला माझाच कोट घालून आणा, त्याच्या कोटाला कसर लागली असेल."

"हसण्यासारखं काय आहे त्यात?"

"अहो, गंमत केली त्यांनी. तुम्ही पण ना."

तिने चहा पुढे ठेवला. उमाकांत कपाकडे बघत बसला. बायकोला असं हसवायला त्याला कधी जमलं नव्हतं. बार्शी सोडून तो या गावात आला, तेव्हा मराठी बोलणारं पहिलं माणूस भेटलं ते हा श्रीपाद. सुभेदाराचा मुलगा, इथल्याच छावणीत वाढलेला. त्यानेच घर शोधून दिलं, त्यानेच गॅस मिळवून दिला. सगळं कबूल. पण महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीची आरती त्याच्याच हाती, कंपनीच्या बक्षिसाची बँकॉकची सहल त्यालाच, ढीगभर ढाली त्यालाच. एवढंच काय, संकेतला कॉलेजनंतर पुढे काय करावं हे विचारायचं होतं, तेव्हा पोरगा बापाला सोडून श्रीपादकाकाकडे गेला. आणि वर काकाचा सल्ला बरोबर निघाला! उमाकांत जळत होता. उगाच चांगल्या शब्दात कशाला सांगायचं, जळतच होता, आणि आज काही पहिल्यांदा नव्हे.

"तोंड का असं?" रत्नप्रभेने विचारलं.

"त्याचं पत्र मी लिहायचंय."

दिल्लीच्या पत्राचं तिला ठाऊक होतं. समोरच्या भिंतीवर त्यासाठी कुठली जागा ठरली होती, तेही ठाऊक होतं. "मग चांगलं लिहा," ती म्हणाली. "तुमच्याइतकं चांगलं कोण लिहिणार?"

चहा संपवून त्याने फाइल उघडली. श्रीपादचा कागद वरच होता, चार घड्या घालून टाचलेला. उमाकांतने तो हातात घेतला आणि उलटा करून फाइलीच्या मागच्या बाजूला सारला. म्हणे मुद्दे! स्वतःची आरती स्वतःच लिहून दिलीय. तीस वर्षं ज्याला शेजारी बसून पाहिला, त्याचे पराक्रम मला हाच शिकवणार? वाचत नाही जा.

आणि लिहायला बसला. गंमत अशी की एकदा पेन हातात घेतलं की उमाकांतला वाईट लिहिता येत नसे. हिंदीतलं ते पत्र झरझर उतरलं. एजंटांच्या पोरांची नावं तोंडपाठ असलेला श्रीपाद आला, उन्हात सांगानेरच्या रंगाऱ्यांच्या दारोदार हिंडणारा श्रीपाद आला, ओल्या कापडाच्या थानांखाली बसून फॉर्म भरून घेणारा श्रीपाद आला. अक्षर न् अक्षर खरं होतं. लिहिता लिहिता तो माणूस त्याला आवडायलाही लागला होता, आणि मग द्वारकाचं प्रकरण आलं.

ते सगळ्या ऑफिसला माहीत होतं. करोनाच्या दुसऱ्या लाटेत सांगानेरचा एक छपाई कारागीर गेला. पॉलिसीवर वारस म्हणून त्याच्या आईचं नाव होतं, आणि आई त्याच आठवड्यात गेली. राहिली बायको द्वारका आणि दोन लेकरं. कोर्टाचा दाखला आणा म्हणावं, तर कोर्टं बंद. श्रीपादने तिला फटफटीवर मागे बसवून ऑफिसात आणलं. ही झाली सगळे सांगतात ती गोष्ट. पुढचे अकरा दिवस रिकाम्या इमारतीत, तोंडाला फडकं बांधून, धूळ खात पडलेली परिपत्रकं उलटीपालटी करत कोण बसलं होतं? दाखल्यावाचून रक्कम देता येते असा नियम कुणी हुडकला? साहेबाच्या नावाने दिल्लीला पत्र लिहून मंजुरी कुणी आणली? द्वारका दर राखीला सांगानेरहून येते ती श्रीपादकडे. उमाकांतचा चेहरा ती ओळखतही नाही.

उमाकांतने पेन खाली ठेवलं. नाही, हे नाही द्यायचं. पत्र तुझं, ढाली तुझ्या, आरतीसुद्धा तुझी, पण हे माझं आहे. त्याने ते प्रकरण सोडून दिलं आणि खाली सहीची जागा कोरी ठेवली.

"वा!" सकाळी मॅडम म्हणाल्या. "आता दिसून राहिले मोहिते." पत्र दिल्लीला गेलं. गुरुवारी दुपारी ते विमानाच्या टपालाने सही होऊन परतही आलं. वर निळ्या शाईत, तिरप्या झोकदार अक्षरात, 'प्रिय श्री श्रीपाद'. उमाकांतने ती शाई बोटाने हळूच चाचपून पाहिली.

त्या दिवशी त्याला कार्यभार सोपवायचा होता. फाइल दुसऱ्याच्या हाती द्यायची, तर तिच्यातल्या प्रत्येक कागदावर पृष्ठांक पाहिजे, हा त्याचा नेम. इतर लोक वरवर आकडे घालत. उमाकांत घडी उघडून, पाठपोट पाहून घाले. संध्याकाळी पाचच्या सुमाराला शेवटच्या फाइलीत एकतिसावा कागद आला. चार घड्यांचा, टाचलेला. टाचणी काढून त्याने तो उलगडला.

हिंदी शाळेत शिकलेल्या श्रीपादची मराठी होती ती. मॅडम मराठी म्हणून हौसेने लिहिलेली.

'आदरणीय मॅडम, माझे आकडे आपल्याकडे आहेतच. एकच विनंती आहे. सांगानेरच्या द्वारकाची केस लोक माझ्या नावावर सांगतात. मी तर तिला फक्त गाडीवर आणली. सगळा काम उमाकांत खिस्तीने केला. अकरा दिवस तो एकटा बसला होता. तो स्वतः कधीच सांगणार नाही. दिल्लीच्या पत्रात त्याचा नाव येऊ शकतो का? मतलब, माझ्याच पत्रात आला तरी चालेल. मला जास्त आनंद होईल.'

उमाकांतने ते दोनदा वाचलं. मग तिसऱ्यांदा. मोठ्या साहेबांच्या सहीच्या पत्रात त्याचं नाव. मंगळवारी ही एक टाचणी काढली असती तर आलं असतं. आणि आता मॅडमकडे जाऊन सांगायचं तरी काय? की माझं नाव राहून गेलं, तेवढं घाला? की तो माणूस माझं भलं लिहीत होता आणि मी जळफळत होतो, म्हणून कागद उघडला नाही? दोन्ही सांगता येईना. त्याने कोपऱ्यात ३१ घातले, खाली सही केली आणि फाइल बांधली. घरी जाऊन जेवला नाही. पोट बिघडलंय म्हणाला.

शुक्रवारी सभागृह भरून गेलं. श्रीपादचे एजंट पार बस्सी, चाकसूपासून आले होते. झेंडूचे हार, साफे, ताटांतून मावा कचोऱ्या. दोघांनाही लाल साफा बांधून शेजारी बसवलं. दुसऱ्या रांगेत रत्नप्रभा ठेवणीतली इरकल नेसून बसली होती. शाल, नारळ, भाषणं झाली, आणि मॅडम दिल्लीचं पत्र वाचायला उभ्या राहिल्या.

चांगलं पत्र होतं. लोक वाक्यावाक्याला माना डोलवत होते, सांगानेरचे म्हातारे कारागीर डोळे पुसत होते. श्रीपाद मात्र कान देऊन कशाची तरी वाट पाहत होता. शेवटची ओळ झाली. टाळ्या पडल्या. श्रीपादने वळून उमाकांतकडे पाहिलं आणि त्याचे डोळे भरून आले.

"काढलंसच ना शेवटी?" तो कुजबुजला. "मला वाटलंच होतं. तूच लिहिणार आणि तूच स्वतःला काढणार. कमाल आहेस यार!"

उमाकांतला काही बोलता येण्याआधी श्रीपाद उठून माइकपाशी गेलासुद्धा. हिंदीत त्याने सगळं सांगितलं. द्वारकाचं, अकरा दिवसांचं, धुळीतल्या परिपत्रकांचं. आणि मग म्हणाला, "मी लेखी देऊन याचं नाव या पत्रात घालायला सांगितलं होतं. मसुदा याच्याच हातचा आहे. या माणसाने स्वतःचं नाव स्वतःच्या हाताने काढून टाकलं! सांगा भैया, असा माणूस कुठे पाहिलात? खिस्तीजी, खडे हो जाइए!"

अख्खं सभागृह उठून उभं राहिलं. श्रीपादच्या पत्राला पडल्या नव्हत्या एवढ्या टाळ्या. मागच्या दारापाशी डोक्यावर पदर घेतलेली एक बाई हात जोडून उमाकांतकडे पाहत होती. ती द्वारका होती. एरवी चारचौघांत संकोचणारी रत्नप्रभा हात उंच करून टाळ्या वाजवत होती. जन्मभर ज्यासाठी जीव तुटला ते सगळं समोर होतं, आणि ते घ्यायला उमाकांतचे हात पुढे होईनात.

कुणीतरी माइक त्याच्या हाती दिला. टाळ्या थांबल्या.

"श्रीपाद," उमाकांत मराठीत म्हणाला, "मी तुझा कागद वाचलाच नव्हता. तुझा मत्सर वाटला म्हणून उघडलाच नाही. द्वारकाचं मी काढलं, ते तुला द्यायचं नव्हतं म्हणून."

राजस्थानी सभागृहाला वाटलं, भरल्या गळ्याने म्हातारा आपल्या भाषेत आभार मानतोय. पुन्हा कडकडून टाळ्या झाल्या, कुणी शिट्टीही मारली. त्या गजरात तिघांचे हात थांबले होते. मॅडम खाली टेबलाकडे बघत होत्या. रत्नप्रभेने वर उचललेले हात सावकाश मांडीवर घेतले, आणि ती खुर्चीत बसली. श्रीपाद हातभर अंतरावर उभा होता आणि त्याच्याकडे नुसता पाहत होता.

टाळ्या काही थांबेनात. उमाकांत माइक धरून तसाच उभा. साफ्याचा शेव खांद्यावरून घसरून पुढे आला होता, तो मागे टाकायचंही त्याला सुचत नव्हतं.

श्रीपादने त्याच्या हातातून माइक घेतला आणि बंद केला.

"बस आता," तो म्हणाला. "पाय थरथरतायत तुझे."

आणि उमाकांत बसला.